सातव्या पुलानंतरची अकरा मिनिटं

१

गुरुवारी संध्याकाळी अबोलीने मशीनमध्ये कॅसेट सरकवली, आणि टीव्हीवर राक्षस यायच्या ऐवजी पांढरे झगे घातलेली दहाबारा मुलं चर्चमध्ये गाणी म्हणायला लागली.

वीणा अबोलीला भाड्याने दिलेल्या आपल्या बेसमेंटच्या जिन्यावर चहाचा कप घेऊन उभी होती. तिला वाटलं, सिनेमाची सुरुवातच अशी असेल. मल्याळम तिला ओ की ठो कळत नव्हतं. शिवाय ज्या सिनेमासाठी तीस शिकलीसवरलेली माणसं मार्चच्या बर्फातून गाड्या हाकत येतात, त्यात काहीही असू शकतं असं तिचं मत होतं. पण अबोलीने कॅसेट पुढे पळवली, मागे पळवली, बाहेर काढून उलटसुलट करून पाहिली, आणि तिच्या तोंडचं पाणी पळालं.

"काकू, ही ती कॅसेट नाहीये," ती म्हणाली. "कोणीतरी बदलली."

हे काय प्रकरण होतं ते आधी सांगायला हवं. 'एळाम पालम', म्हणजे सातवा पूल, हा पस्तीसेक वर्षांपूर्वी केरळात निघालेला भुताचा सिनेमा. रबराच्या मळ्यात सात पूल आणि सातव्या पुलाखाली एक राक्षस. निर्मात्याकडे पैसे नव्हते, म्हणून राक्षसाला मळ्यातल्याच रबराच्या शीट्स गुंडाळल्या होत्या. चालताना त्याचा एक पाय निघतो आणि बुवा तसाच चालत राहतो. थिएटरात सिनेमा आठवडाभरही टिकला नाही, आणि त्याची रिळं कुठे गेली ते देवालाच ठाऊक. उरली ती मस्कतच्या दुकानातून घेतलेली एकुलती एक व्हिडिओ कॅसेट. ती ओटावात कुरुविला सरांकडे होती, आणि तिच्या जिवावर वीस वर्षं एक क्लब चालला होता.

या क्लबचं सोवळंओवळं विचारू नका. प्रत्येकाच्या हातात नारळाच्या दोन करवंट्या हव्यात, कारण मळ्यात रबराचा चीक करवंटीत धरतात. राक्षस दिसला की त्या बडवायच्या. गल्फच्या कॅसेटवर चित्राखाली दुकानांच्या जाहिरातींची पट्टी सरकत असते, ती सगळ्यांनी सुरात वाचायची. पाय निघाला की उभं राहायचं. आणि राक्षस सातव्या पुलावर आला की डोळे मिटायचे, कारण त्याला पूल ओलांडताना जो बघेल त्याचा नंबर पुढचा, असं सिनेमातला मांत्रिक बजावतो. मग शेवटपर्यंत नुसता करवंट्यांचा दणदणाट. वीणाने हे सगळं अबोलीच्या तोंडून ऐकलं होतं आणि ऐकताना दोनदा कपाळावर हात मारला होता.

पण आता हसण्याची वेळ नव्हती. कॅसेट शनिवारी दुपारी दोनला लागायची होती, आणि ती अबोलीच्या ताब्यात दिलेली होती.

२

अर्ध्या तासात तिघे जण येऊन धडकले. बूट काढताना त्यांनी पायपुसण्यावर बर्फाचं तळं केलं.

पहिला शंतनु, क्लबचा सेक्रेटरी. मूळचा पुण्याचा, ओटावाच्याच कनाटा भागात सॉफ्टवेअरमध्ये. या एका सिनेमासाठी पठ्ठ्या मल्याळम मुळाक्षरं शिकला होता. दुसरा रेजां, लव्हाल नावाच्या फ्रेंच गावचा, जुन्या भुताच्या सिनेमांची पोस्टरं जमवणारा दाढीवाला. शोसाठी तो बुधवारपासून शंतनुकडे उतरला होता. आणि मागून काठी टेकत कुरुविला सर. वय सत्तरच्या पुढे. मस्कतच्या हॉस्पिटलात ऑपरेशन थिएटरमध्ये टेक्निशियन होते, नंतर इकडे आले. बायको एलियम्मा जाऊन बरीच वर्षं झाली होती, आणि मुलगा व्हँकुव्हरला.

या वर्षी शंतनुने मोठा घाट घातला होता. कॅसेटवरून फाईल बनवायची, तिला इंग्रजी सबटायटल द्यायची आणि मार्कहॅमहून येणाऱ्या पाहुण्यांना ती मोठ्या पडद्यावर दाखवायची. अबोली कॉलेजात याच गोष्टी शिकत होती, म्हणून काम तिच्याकडे आलं. सोमवारी सरांनी कॅसेट खाकी कागदात बांधून शंतनुला दिली. ती दोन दिवस त्याच्या गाडीच्या डिकीत होती. बुधवारी शंतनु आणि रेजां दोघांनी येऊन ती अबोलीला पोचवली. गुरुवारी वीणाच्या ओट्यावर अबोलीला गाठ सुटेना, तेव्हा वीणानेच कात्री चालवली.

"सर, तुम्ही नीट बघून पॅक केली होती ना?" शंतनुने विचारलं.

सरांनी जमिनीकडे बघत मान हलवली. घरी सगळी कपाटं उचकून झाली, तिथे कॅसेट नाही, एवढंच ते म्हणाले.

मग शंतनुची गाडी सुटली. कॅसेट या मुलीकडे एक दिवस आणि एक रात्र होती, आणि हिला लव्हालहून फोन येत होते, हे त्याला ठाऊक होतं. रेजां लालबुंद झाला. हो, आपण फोन केला होता, त्याने कबूल केलं. स्वतःसाठी एक जादा कॉपी मागितली होती, त्यात गुन्हा काय. वीणाने अबोलीकडे पाहिलं. पोरीने मान खाली घातली. हा फोन तिने वीणाला सांगितला नव्हता.

शंतनु म्हणाला, शनिवारी दोनपर्यंत कॅसेट आली नाही तर तो पोलिसांकडे जाणार आणि कॉलेजलाही कळवणार. कुरुविला सरांनी तोंड उघडलं, पुन्हा मिटलं आणि ते काठी शोधायला लागले.

ते गेल्यावर अबोली जिन्यावरच बसली. पर्मनंट रेसिडेन्सीचे तिचे कागद महिन्याभरापूर्वीच गेले होते. सांगलीला वडिलांनी पाहुण्यारावळ्यांत ते सांगूनही टाकलं होतं. "पोलिसात नाव गेलं तर माझं काय होईल हो काकू?" तिने विचारलं.

३

वीणा मूळची नागपूरची, आणि पोटापाण्याला सॉफ्टवेअर टेस्टर. वीस वर्षं दुसऱ्यांच्या चुका शोधून पगार घेत आलेली बाई. तिचा एक नियम होता: माणूस काय सांगतो ते ऐकून घ्यायचं, पण तेच पुन्हा करून दाखवता येतं का ते पाहायचं. आता मात्र तिचं डोकं चालत नव्हतं. ज्या पोरीला ती वर्षभर पोळ्या वाढत आली, तीच काहीतरी लपवत होती. मनात शंकेची पाल चुकचुकली आणि वीणाला स्वतःचाच राग आला.

"फोनचं का नाही सांगितलंस?"

अबोली म्हणाली, रेजांला तिने सरांना विचारते असं सांगितलं आणि मग परीक्षेच्या गडबडीत राहून गेलं. नंतर सांगितलं असतं तर उगाच चोरासारखं दिसलं असतं. हे खरं की खोटं, वीणाला ठरवता येईना. म्हणून तिने भलताच प्रश्न विचारला. या सिनेमात चोरण्यासारखं आहे तरी काय?

"शेवट," अबोली म्हणाली. "शेवटची अकरा मिनिटं जगात फक्त या कॅसेटवर आहेत. नेटवर कोणीतरी थिएटरात चोरून उतरवलेला तुकडा टाकलाय, तो पुलापाशी संपतो."

"आणि शेवटी काय होतं?"

अबोलीने तीन वर्षं शो पाहिला होता. ती म्हणाली, राक्षस पुलावर येऊन अंगावरचं रबर सोलून टाकतो, आणि आत कोणीच नसतं. सांगताना तिच्या अंगावर काटा आला.

शुक्रवारी वीणाने घरूनच काम घेतलं, म्हणजे लॅपटॉप उघडा ठेवला आणि फोन हातात धरला. शंतनु आधी फुरंगटून बसला होता, पण सिनेमाचा विषय काढल्यावर वितळला. शेवट ना? राक्षस नदीत पडतो, रबर सुटत जातं आणि आत हिरोचा हरवलेला भाऊ असतो. त्याने हे नऊ वर्षं पाहिलं होतं, शपथेवर सांगत होता.

वीणाने मुकाट्याने लिहून घेतलं. मग रेजांला फोनवर घेतलं. त्याचं इंग्रजी अर्धं फ्रेंच आणि तिचं अर्धं नागपुरी, त्यामुळे दोघांचा जीव मेटाकुटीला आला. शेवट विचारल्यावर त्याने आवाज खाली आणला. म्हणाला, कोणाला सांगू नका, नियमाविरुद्ध आहे. गेल्या वर्षी मी एक क्षणभर डोळे उघडले होते. पडद्यावर राक्षस नव्हताच. एक बाई होती, हिरॉइनच असावी, पांढऱ्या कपड्यातलं तान्हं बाळ कडेवर घेऊन हसत होती. काय अर्थ लावायचा ते त्याला वर्षभर कळलं नव्हतं.

फोन ठेवून वीणा आपल्या वहीकडे बघत बसली. कॅसेट एक, आणि शेवट तीन. एकात राक्षस पोकळ, दुसऱ्यात तो भाऊ, तिसऱ्यात तो नाहीच आणि बाळ कुठून तरी उपटलेलं. चोर शोधायला निघाली होती आणि आता तिला सिनेमाच कळेनासा झाला होता.

४

दुपारी तिने अबोलीला समोर बसवून सिनेमा पहिल्यापासून सांगायला लावला. पोरीला फ्रेम न् फ्रेम पाठ. राक्षस पहिल्यांदा निघतो तेव्हा खाली कोणती जाहिरात चालू असते? "रुवीचं साडी सेंटर, फोन नंबरसकट," अबोलीने एका दमात म्हणून दाखवलं. पाय निघतो तेव्हा? सोन्याचं दुकान. मांत्रिक येतो तेव्हा? हलव्याचं दुकान, ईदची सूट. पुलाचं पहिलं दर्शन? टायरवाला.

"आणि शेवटी, तो रबर सोलतो तेव्हा?"

अबोलीने तोंड उघडलं आणि तशीच थांबली. तिने पुन्हा आठवून पाहिलं. काहीच येईना.

वीणाने लगेच शंतनुला फोन लावला. त्यानेही साडी सेंटर, सोनं, हलवा, टायर घडाघडा म्हटलं. भाऊ दिसतो तेव्हा पट्टीवर काय होतं, म्हटल्यावर तोही अडला, मग चिडला. रेजांला विचारलं तर तो म्हणाला, त्या बाईच्या चित्राखाली पट्टीच नव्हती, अगदी नक्की नव्हती.

"अबोली," वीणा सावकाश म्हणाली, "शेवट तू पाहिलास तेव्हा तुझे डोळे उघडे होते का गं?"

अबोली तिच्याकडे बघतच राहिली. डोळे तर मिटायचेच असतात. मग रबर सोलताना पाहिलं कोणी? ते सरांनी शोनंतर चहा पिताना सांगितलं होतं. शंतनुलाही सरांनीच सांगितलं असणार, दुसऱ्या वर्षी, दुसऱ्या चहाला. वीस वर्षं तीस माणसं डोळे मिटून करवंट्या बडवत होती आणि आपण शेवट पाहिला असं मनापासून समजत होती.

वीणा उठली आणि तिने ओट्याखालचा ड्रॉवर उघडला. त्यात सुतळ्या, रबर बँड, दुधाच्या पिशव्यांच्या क्लिपा, सगळं उपयोगी पडेल म्हणून ठेवलेलं. काल कापलेली सुतळी वरच होती. तिने कात्री गाठीपासून लांब चालवली होती, त्यामुळे गाठ जशीच्या तशी होती: तीन वेढ्यांची, चपटी, नखाने न उचकटणारी. वीणाने आजवर अशी गाठ फक्त एका माणसाची पाहिली होती. ओणमला तिच्या घरी येणाऱ्या केळ्याच्या वेफर्सच्या पिशवीला अशीच गाठ असायची.

"जॅकेट घाल," ती म्हणाली. मग विचार बदलला. "नको, तू इथेच थांब. मी एकटीच जाते."

५

कुरुविला सरांच्या ड्राइव्हवेवर घोट्यापर्यंत बर्फ साचला होता. एरवी हा माणूस बर्फ थांबायच्या आधी फावडं घेऊन बाहेर असायचा. वीणा तशीच तुडवत गेली.

सरांनी चहा केला, वेफर्स काढले. वीणाने सुतळी टेबलावर ठेवली, वेफर्सच्या पिशवीशेजारी. दोन्ही गाठी सारख्याच होत्या.

हिंदी आणि इंग्रजीची खिचडी करत वीणाने मांडलं ते असं. ही गाठ शंतनुला बांधता येणार नाही, तो अजून नाडीऐवजी चिकटपट्टीचे बूट घालतो. रेजांलाही नाही, अबोलीला तर ती सोडवताही आली नाही. म्हणजे पार्सल बांधल्यापासून वीणाच्या कात्रीपर्यंत कोणीही उघडलं नव्हतं. कागदात पहिल्यापासूनच चर्चची कॅसेट होती. चुकून गेली असती तर खरी कॅसेट कपाटात सापडली असती आणि सरांनी लगेच फोन केला असता. म्हणजे ती मुद्दाम दिली. मालक आपलीच कॅसेट का लपवेल? कारण फाईल बनवणारी मुलगी डोळे उघडे ठेवून बघणार होती, आणि सबटायटल लिहिणारा शंतनुही.

"सर, त्या कॅसेटवर सिनेमाचा शेवट नाहीच ना?"

म्हाताऱ्याने सुतळी बोटाला गुंडाळली. मग म्हणाला, मस्कतला मुलाच्या बाप्तिस्म्याच्या दिवशी भाड्याच्या कॅमेऱ्यातली कोरी टेप संपली. शुक्रवार, दुकानं बंद. हाताशी हीच होती, आणि शेवटचा भाग काय, पुन्हा कुठेही मिळेल असं वाटलं, म्हणून त्याच्यावरच बाप्तिस्मा उतरवला. तो परत कधीच मिळाला नाही. इथे आल्यावर क्लब जमला, पोरं विचारायला लागली, पूर्ण आहे ना सर? एकदा हो म्हणून बसले. मग मांत्रिकाचं ते वाक्य आठवलं आणि डोळे मिटायची रीत त्यांनीच पाडली.

वीणाला सगळं कळलं आणि एक गोष्ट मुळीच कळली नाही. लबाडीच करायची तर पुलापाशी कॅसेट बंद का नाही केली? रेजांने बाई पाहिली म्हणजे कॅसेट दर वर्षी पुढे चालूच होती. पकडले जायचा धोका कशाला पत्करायचा?

"एलियम्माचं चालतं बोलतं चित्र तेवढंच आहे, मोळे," सर म्हणाले. मोळे म्हणजे मुली. "घरी लावत नाही. एकट्याने बघवत नाही. तिथे तीस माणसं असतात, सगळ्यांचे डोळे मिटलेले, गजर चालू. मी मागे उभा राहून बघतो. अकरा मिनिटं."

वीणाला संताप आला, आणि तो तिने गिळला नाही.

"काल तुम्ही एक शब्द बोलला असतात तर ती पोर रात्रभर जिन्यावर बसली नसती," ती म्हणाली. "तिच्यापाशी फक्त तिचं नाव आहे, सर. तेही तुम्ही जाऊ देत होतात."

सरांनी मान खाली घातली. शंतनु आधी बोलला, मग धीरच झाला नाही, असं काहीतरी ते पुटपुटले. वीणाने चहा तसाच ठेवला. जाताना मात्र दाराशी टेकवलेलं फावडं उचलून तिने अर्धा ड्राइव्हवे साफ केला. का, ते तिलाही सांगता आलं नसतं.

६

शनिवारी दोन वाजता कम्युनिटी हॉलमध्ये पस्तीस माणसं होती. कुरुविला सर पडद्यासमोर उभे राहिले, खिशातून कॅसेट काढली आणि सगळं सांगितलं. आधी अबोलीचं नाव घेतलं. या मुलीने काही केलं नाही, मी केलं, आणि तिच्यावर आळ येताना गप्प बसलो, असं म्हणून त्यांनी पस्तीस जणांदेखत तिच्यापुढे हात जोडले.

हॉलमध्ये कोणाला काय करावं ते कळेना. मार्कहॅमचे पाहुणे एकमेकांकडे बघायला लागले. शंतनु उठून अबोलीपाशी गेला, सॉरी म्हणाला, पोलिसांचं बोललो ते चुकलं म्हणाला, आणि जाऊन थेट शेवटच्या रांगेत बसला. नऊ वर्षं त्याने ज्या भावासाठी डोळे पुसले होते, तो भाऊ नव्हताच. वीणाला त्याची थोडी दया आली, फार नाही.

अबोलीने सरांकडे न बघता कॅसेट घेतली, मशीनमध्ये घातली आणि रिमोट घेऊन शेजारी बसली.

सिनेमा सुरू झाला. आधी करवंट्या बिचकत वाजल्या, पण साडी सेंटर आलं तसा लोकांना सूर सापडला. पाय निघाला तेव्हा सगळे उभे राहिले, वीणाही राहिली. सिनेमा तिला काडीचाही कळत नव्हता, पण पायाचं वाईट वाटलं.

मग पूल आला. टायरवाल्याची जाहिरात सरकत गेली आणि हॉल एकदम गप्प झाला. आता डोळे मिटायचे की उघडे ठेवायचे? वीस वर्षांची सवय, पण कशासाठी मिटायचे ते आता सगळ्यांना ठाऊक झालेलं. राक्षसाने पुलावर पाय टाकला. सर लगबगीने पुढे आले आणि त्यांनी रिमोटसाठी हात केला. बंद कर, असं ते खुणावत होते.

अबोलीने रिमोट दिला नाही. तिचा चेहरा अजून घट्टच होता.

"सर, मागे जाऊन उभे राहा," ती म्हणाली. मग हॉलकडे वळून मोठ्याने म्हणाली, "आईज क्लोज्ड, एव्हरीबडी," आणि स्वतः डोळे गच्च मिटून करवंट्या बडवायला लागली.

एक करवंटी वाजली, मग दोन, मग शंतनुची, मग सगळ्या. काठी टेकत मागे जाणाऱ्या पावलांचा आवाज त्यात बुडून गेला. वीणाकडे करवंट्या नव्हत्या. तिने पर्समधून डब्याचं झाकण काढलं, डोळे मिटले आणि चमच्याने ते बडवायला सुरुवात केली. अकरा मिनिटांत तिचा हात भरून आला, पण तिने एकदाही डोळे उघडले नाहीत.